डीसीएस २.५ वरून २.९ वर परतताना: काय टिकतं, काय मोडतं आणि का

प्रश्न असा आहे: २०१९ साली डीसीएस वर्ल्ड या लढाऊ विमानांच्या सिम्युलेटरची २.५.५ आवृत्ती चालू असताना त्यातली हॉर्नेट (एफ/ए-१८) आणि मिग-२१ बिस ही विमानं उडवणं थांबवलं. आता नवं मशीन घेतलंय. जुना सेव्ह्ड गेम्स फोल्डर, स्वतः बनवलेली मिशनं आणि लढतींचे ट्रॅक (पुन्हा बघण्यासाठीच्या नोंदी) जपून ठेवले आहेत. हे सगळं नव्या आवृत्तीत तसंच चालेल का? मधल्या काळात नक्की काय बदललं?

आधी निकाल सांगतो. बाइंडिंग्ज, म्हणजे कुठल्या बटणाला कुठलं काम ही नेमणूक, बहुतेक वाचतील. मिशनं थोड्या डागडुजीनं चालतील. ट्रॅक गेले असं धरून चाला. आणि क्षेपणास्त्र कोणत्या अंतरावरून सोडायचं याचे जे आकडे पाठ आहेत ते पुसून टाका, कारण त्यांच्यावर विसंबलात तर पहिल्याच लढतीत पडाल.

हे असं का, ते कळायला हे सॉफ्टवेअर वाढलं कसं याची थोडी पार्श्वभूमी लागते. डीसीएस बनवणाऱ्या ईगल डायनॅमिक्सचं सुखोई-२७ फ्लँकर १९९५ सालचं. लॉक ऑन २००३ मध्ये आलं. २००५ च्या फ्लेमिंग क्लिफ्समध्ये सुखोई-२५टी आलं आणि त्याच्यासोबत ‘एएफएम’ पद्धतीचं उड्डाणगणित आलं: अख्खं विमान एक ठिपका न धरता पंख, शेपटी, नियंत्रणपृष्ठं यांच्यावरचे जोर वेगवेगळे मोजायचे. २००८ चं ब्लॅक शार्क आणि २०११ चं ए-१०सी हे दोन स्वतंत्र कार्यक्रम होते. एकाचा पॅच दुसऱ्याला लागत नसे. २०१२ मध्ये हे सगळं डीसीएस वर्ल्ड या एका छपराखाली आणलं. तेव्हापासून नियम एकच: गाभा सगळ्यांचा, विमानं आणि नकाशे त्यावर बसवलेली मॉड्यूलं. म्हणून तुम्ही फक्त हॉर्नेट उडवत असलात तरी गाभ्यातला रडारचा किंवा क्षेपणास्त्राचा बदल तुमच्या अंगावर येतोच. ‘माझं मॉड्यूल तर अपडेट झालं नाही’ या म्हणण्याला अर्थ उरत नाही.

२०१५ च्या १.५ मध्ये चित्र उमटवणारं इंजिन डायरेक्टएक्स ११ वर गेलं. त्याच वर्षअखेरीस २.० नेवाडाच्या नकाशासह वेगळं बसवावं लागत होतं, म्हणजे कॉकेशस एका फोल्डरात आणि नेवाडा दुसऱ्यात. २०१८ च्या २.५ नं हे दोन्ही एक केले. तुम्ही त्या टप्प्यानंतर थोड्याच दिवसांत थांबलात, ही त्यातली चांगली बाजू. १.५ वरून परतणाऱ्याला जितकं फेकावं लागतं तितकं तुम्हाला लागणार नाही.

तुमच्या गैरहजेरीतले ठळक टप्पे असे. २०२० च्या सुरुवातीला २.५.६: प्रकाशयोजना बदलली, रात्र आणि कॉकपिटमधला उजेड वेगळा दिसू लागला. एप्रिल २०२१, २.७: नवे घन ढग. ते आले तेव्हा जागचे हलत नव्हते आणि एआय वैमानिकाला आडही येत नव्हते. तुम्ही ढगात लपून बसायचात आणि तो तुम्हाला निवांत बघायचा. ऑक्टोबर २०२२ मध्ये २.८ आलं आणि ढग वाऱ्याबरोबर सरकू लागले. मार्च २०२३ मध्ये मल्टिथ्रेडिंग आलं, म्हणजे काम प्रोसेसरच्या अनेक कोअरवर वाटलं जाऊ लागलं. माझ्या मते या सगळ्या काळातला हाच सर्वांत मोठा बदल. ऑक्टोबर २०२३ च्या २.९ मध्ये डीएलएसएस आणि एफएसआर (कमी ठिपक्यांत काढलेलं चित्र मोठं करण्याची तंत्रं) आलं. फेब्रुवारी २०२४ मध्ये ‘ओपन बीटा’ (चाचणीची) आणि ‘स्टेबल’ (पक्की) हे आवृत्तीचे दोन फाटे बंद होऊन एकच आवृत्ती राहिली. त्याच वर्षी सुरुवातीची लाँचर खिडकीही आली. नको असेल तर सेटिंग्जमधून बंद करता येते.

हे फाटे एक होणं वरवर किरकोळ वाटतं, पण जुना फोल्डर शोधताना इथेच गोंधळ होतो. ओपन बीटा वापरत असाल तर तुमचा जुना फोल्डर ‘डीसीएस डॉट ओपनबीटा’ नावाचा असेल. नवी स्थापना मात्र साध्या ‘डीसीएस’ नावाच्या फोल्डरातून वाचते. कुठल्या नावातून वाचायचं हे स्थापनेच्या मुळाशी असलेल्या ‘डीसीएस व्हेरियंट’ नावाच्या छोट्या टेक्स्ट फाइलवर ठरतं. ती नसेल तर साधं नाव. तेव्हा जुना फोल्डर जागेवर ठेवून ‘माझं काहीच दिसत नाही’ म्हणू नका, आणि तो अख्खा नव्यावर चढवूही नका.

नवी स्थापना कोरी करा. एकदा चालू करून मुख्य मेन्यूपर्यंत जा आणि बंद करा, म्हणजे नवा सेव्ह्ड गेम्स फोल्डर आपोआप तयार होईल. मग जुन्यातून फक्त दोन गोष्टी आणा: कॉन्फिग फोल्डरातला इनपुट आणि मिशन्स. ऑप्शन्सची ल्युआ फाइल (ल्युआ ही डीसीएस वापरतं ती स्क्रिप्टची भाषा) आणू नका. तिच्यात सहा वर्षांपूर्वीच्या ग्राफिक्सच्या खुणा असतात. काही पर्याय आता अस्तित्वातच नाहीत, काहींचे आकडे वेगळ्या अर्थानं वाचले जातात, आणि मग मेन्यूत एक दिसतं आणि पडद्यावर दुसरंच. ‘एफएक्सओ’ आणि ‘मेटाशेडर्स२’ हे फोल्डर म्हणजे शेडरचा, म्हणजे ग्राफिक्स कार्डासाठीच्या छोट्या चित्रण-प्रोग्रामांचा, तयार साठा. जुना साठा आणायचा नाहीच, उलट प्रत्येक मोठ्या अपडेटनंतर हे दोन्ही रिकामे करायचे. पहिल्या वेळी मिशन उघडायला काही मिनिटं जास्त लागतील, ती लागू द्या. अपडेटनंतर जमिनीवर काळे चौकोन, चमकणारी छतं किंवा काचेऐवजी काळा पत्रा दिसला तर दहांतले आठ वेळा कारण हेच असतं.

स्क्रिप्ट्स फोल्डरातली एक्सपोर्टची ल्युआ फाइल तर मुळीच आणू नका. टॅकव्ह्यू (उड्डाणाची नोंद ठेवणारं), एसआरएस रेडिओ (खेळाडूंच्या बोलण्यासाठी), हेलिओस (वेगळ्या पडद्यावरच्या कॉकपिट-उपकरणांसाठी) अशी बाहेरची सगळी साधनं तिच्यात आपापली ओळ घालतात. जुन्या ओळी आता नसलेल्या फाइलींकडे बोट दाखवतात आणि एक अडकली की मागच्या सगळ्या अडकतात. ही साधनं नव्यानं बसवा, ती आपल्या ओळी स्वतः लिहितील.

आता बाइंडिंग्ज, कारण परतणारे लोक इथेच सगळ्यात जास्त वेळ घालवतात. इनपुट फोल्डरात प्रत्येक विमानाचा एक फोल्डर असतो, त्यात जॉयस्टिक नावाचा उपफोल्डर, आणि त्यात प्रत्येक उपकरणाची ‘डिफ’ फाइल. नावाप्रमाणे ती फक्त फरक साठवते: मूळ नेमणुकीतून काय काढलं आणि काय जोडलं. म्हणून अपडेटमध्ये नवी बटणं आली तरी जुनी नेमणूक टिकते. फाइलीच्या नावात आधी उपकरणाचं नाव आणि मग महिरपी कंसात लांबलचक ओळखक्रमांक असतो. हा क्रमांक विंडोज देतं. नवं मशीन, नवा यूएसबी पोर्ट, कधी कधी नुसतं विंडोजचं मोठं अपडेट, आणि तो बदलतो. मग डीसीएसच्या लेखी तुमची स्टिक नवीच वस्तू ठरते. जुनी फाइल शेजारी पडून असते पण तिला कोणी विचारत नाही.

उपाय सोपा आहे. कंट्रोल्सच्या पानावर जाऊन एखादंच बटण नेमा आणि सेव्ह करा. आता जॉयस्टिक फोल्डरात एकाच उपकरणाच्या दोन फाइली दिसतील: एक मोठी जुनी, एक छोटी नवी. डीसीएस बंद करा, नव्या फाइलीचं पूर्ण नाव कॉपी करा, नवी फाइल काढून टाका आणि जुनीला ते नाव द्या. फाइली हाताळायच्या नसतील तर कंट्रोल्सच्या पानावर त्या उपकरणाच्या स्तंभाच्या माथ्यावर क्लिक करून ‘लोड प्रोफाइल’ निवडा आणि जुनी फाइल दाखवा. दोन्हीचा परिणाम सारखाच, पण बारा-पंधरा विमानं असतील तर नाव बदलणं लवकर आटोपतं.

दुसरी अडचण याहून छळवादी. डीसीएसला नवं उपकरण दिसलं की ते त्याच्या पहिल्या दोन अक्षांना आपण होऊन रोल आणि पिच देतं. हे स्टिकला ठीक, पण थ्रॉटलवरच्या छोट्या नॉबला, पेडलच्या टो-ब्रेकला आणि बटणपेटीवरच्या फिरकीलाही तेच मिळतं. मग विमान धावपट्टीवरच एका बाजूला कलतं, हवेत नाक वर-खाली मारतं, आणि माणूस ‘अपडेटनं फ्लाइट मॉडेल बिघडवलं’ अशी तक्रार करत सुटतो. प्रत्येक मॉड्यूलसाठी ‘अॅक्सिस कमांड्स’ उघडा आणि पिच, रोल, रडर, थ्रस्ट या चार ओळींत स्तंभागणिक काय आहे ते बघा. एका ओळीत एकच उपकरण असायला हवं. बाकीचं साफ करा. हॉर्नेटला थ्रस्टची डावी-उजवी ओळ वेगळी असते, तीही पाहा. हे काम नवं मॉड्यूल घेतल्यावर दर वेळी करावं लागतं.

विमानाची नवी पिढी आली की फोल्डरही नवा होतो, हे लक्षात ठेवा. २०२० मध्ये ए-१०सी २ आलं आणि २०२२ च्या अखेरीस ब्लॅक शार्क ३. दोघांना वेगळे इनपुट फोल्डर आहेत. जुन्यातल्या डिफ फाइली नव्यात टाकल्या की बहुतांश चालतात. हॉर्नेटचा फोल्डर तोच आहे, पण विमानात तुमच्यानंतर बरंच काही आलंय. एटीफ्लिर हा लक्ष्य शोधणारा टार्गेटिंग पॉड हे एक उदाहरण. सेन्सर कंट्रोल स्विचच्या चार दिशा आणि टीडीसी (पडद्यावरचा कर्सर हलवणारी कळ) दाबण्याचं बटण नेमलेलं नसेल तर नव्या पानांतलं निम्मं हाताशी लागत नाही. जुनी फाइल आणून झाली की या पाच नेमणुका आधी तपासा.

ट्रॅकचं काय? ट्रॅक म्हणजे चित्रफीत नव्हे. ती एक झिप पेटी असते: आत मिशन, आणि त्यासोबत तुम्ही स्टिक कुठे नेली, कुठलं बटण कधी दाबलं याची नोंद. पुन्हा बघताना डीसीएस ते मिशन नव्यानं खेळतं आणि तुमच्या हालचाली त्यात ओततं. उड्डाणगणितात केसाएवढा फरक पडला की पहिल्या मिनिटाला दहा फूट, पाचव्या मिनिटाला मैलभर, आणि मग तुमचं विमान कॉकेशस नकाशातल्या कुताइसीच्या आसपासच्या डोंगरात शिरतं, जिथे तुम्ही कधी गेलाच नव्हता. एआयनं वेगळा निर्णय घेतला की सगळी लढतच वेगळी होते. लांब ट्रॅक तर त्याच आवृत्तीतही कधी कधी भरकटतो. टॅकव्ह्यूची फाइल मात्र जागा, उंची, दिशा अशी प्रत्यक्ष मोजमापं साठवते, ती दहा वर्षांनीही उघडते. तुमच्याकडे जुन्या लढतींच्या टॅकव्ह्यू फाइली असतील तर तेवढ्याच कामाच्या. ट्रॅकमधलं मिशन वाचवायचं असेल तर ट्रॅकचं एक्स्टेन्शन बदलून ‘मिझ’ (मिशन फाइलीचं) करा आणि एडिटरमध्ये उघडा, बहुतेक वेळा उघडतं.

मिशनांना अर्धा-पाऊण तास द्या. मिझ फाइलही झिपच असते, आत ल्युआतलं साधं लिखाण. एडिटरमध्ये उघडा आणि वेगळ्या नावानं सेव्ह करा, मूळ प्रत तशीच ठेवा. मग हवामानाच्या पानावर जा. तुमच्या काळात ढगांची दाटी, जाडी आणि तळाची उंची असे आकडे भरायचे. आता तयार प्रीसेट निवडायचा. जुने आकडे कागदावर टिपून घ्या आणि जवळचा प्रीसेट लावा. तळाची उंची अजूनही बदलता येते. बॉम्बफेकीच्या मिशनांत हे महत्त्वाचं, कारण नव्या घन ढगाआडून टार्गेटिंग पॉडला जमीन दिसत नाही. रात्रीची मिशनं एकदा स्वतः उडवून बघा, प्रकाश बदलल्यामुळे पूर्वीचा ‘पहाटेचा अंधुक उजेड’ आता काळाकुट्ट किंवा लख्ख असू शकतो. प्रत्येक विमानाचं शस्त्रभारणीचं पान उघडा. मधल्या काळात शस्त्रांच्या आणि रॅकच्या आतल्या खुणा बदलल्यात, त्यामुळे काही पायलन (शस्त्रं टांगायच्या जागा) रिकामे राहतात आणि एडिटर त्याबद्दल चकार शब्द काढत नाही. हॉर्नेटच्या ग्रुपसाठी आता डेटालिंकचा (विमानांनी एकमेकांना माहिती पाठवण्याचा) वेगळा टॅब आहे. जुन्या मिशनात तिथे काही भरलेलं नसतं, म्हणून कॉकपिटमधल्या एसए (आजूबाजूची परिस्थिती दाखवणाऱ्या) पानावर आपला जोडीदार दिसत नसेल तर तो टॅब तपासा. मिस्ट किंवा मूस (मिशनांसाठीचे तयार स्क्रिप्टसंच) वापरलं असेल तर मिशनमध्ये कोंबलेली जुनी स्क्रिप्ट काढून ताजी घाला.

आता क्षेपणास्त्रं. २०२० पासून ईगल डायनॅमिक्सनं मध्यम पल्ल्याच्या क्षेपणास्त्रांचं गणित टप्प्याटप्प्यानं बदललं. हॉर्नेटच्या एआयएम-१२० चे ड्रॅगचे (हवेच्या अवरोधाचे) आकडे संगणकावरच्या प्रवाहगणनेतून नव्यानं काढले, वर झेप घेऊन मग लक्ष्यावर उतरण्याचा मार्ग बदलला, चॅफला (रडारला चकवण्यासाठी सोडलेल्या धातूच्या पट्ट्यांना) फसण्याचं प्रमाण बदललं. हीटब्लर या त्रयस्थ कंपनीच्या एफ-१४ चं फिनिक्स क्षेपणास्त्रही नंतर ईगल डायनॅमिक्सच्या गणितावर गेलं. म्हणजे तुमचं शस्त्र बदललं आणि समोरच्याचंही. मोटर काही सेकंदांत जळून संपते, पुढचा सगळा प्रवास साठवलेल्या वेगावर. ड्रॅग थोडा कमी झाला तर लांबच्या टोकाला क्षेपणास्त्र बऱ्याच जास्त वेगानं पोचतं. झेपेचा कोन थोडा बदलला तरी विरळ हवेतला काळ बदलतो आणि त्याचाही परिणाम शेवटच्या वेगावरच. म्हणून बदलनोंदीत एका ओळीत ‘मार्गदर्शन सुधारलं’ एवढंच लिहिलेलं असलं तरी प्रत्यक्षातला पल्ला चांगलाच हललेला असू शकतो.

नोंदीवर विसंबू नका, मोजा. कॉकेशसच्या नकाशावर काळ्या समुद्रावर मिशन बनवा. वारा शून्य, तापमान १५ अंश. तुम्ही २५,००० फुटांवर, माख ०.९. समोरून त्याच उंचीवर त्याच वेगानं येणारं एआय लढाऊ विमान. त्याच्या पहिल्या वेपॉइंटवर ‘रिअॅक्शन टू थ्रेट’ला ‘नो रिअॅक्शन’ आणि चॅफ-फ्लेअरला ‘नेव्हर’ लावा, नाहीतर तुम्ही क्षेपणास्त्र मोजत नसून एआयचा मूड मोजताय. ४०, ३० आणि २० सागरी मैलांवरून एकेक सोडा. एफ६ कळीनं क्षेपणास्त्राच्या मागे जा आणि तळाच्या पट्टीवर आदळण्याच्या क्षणाचा वेग टिपा. टॅकव्ह्यू चालू असेल तर हेच निवांत नंतर बघता येतं. मग तेच पुन्हा, पण या वेळी लक्ष्याला असा वेपॉइंट द्या की तुम्ही सोडल्यावर ते पाठ फिरवून पळेल. पळणाऱ्या लक्ष्यालाही क्षेपणास्त्र ज्या अंतरावरून गाठतं, तो तुमचा खरा भरवशाचा पल्ला. सहा गोळ्यांचं काम, अर्ध्या तासात होतं. मोठ्या अपडेटनंतर हेच मिशन पुन्हा चालवायचं आणि आकडे शेजारी लिहायचे.

विमानाच्या वळणक्षमतेचीही अशीच चाचणी करता येते: अर्धं इंधन, पंखाखाली काही नाही, १५,००० फूट, पूर्ण आफ्टरबर्नर, उंची न सोडता गोल फिरायचं आणि वेग व जी-भार जिथे स्थिरावतात ते टिपायचं. मात्र तीन-चार वेळा करून सरासरी घ्या, हाताची चूक यात सहज अर्धा जी खाते.

मिग-२१ बिसबद्दल फार नवं सांगण्यासारखं नाही. ते मॉड्यूल २०१४ चं, सुरू करण्याचा क्रम हाताला तसाच आठवेल. (आपल्याकडच्यांना या विमानाची ओढ वेगळी: एचएएलच्या ओझरच्या कारखान्यात मिग-२१ बांधली गेली, बिससुद्धा, वायुदलानं सप्टेंबर २०२५ मध्ये चंदीगडला त्यांना निरोप दिला.) फक्त ते त्रयस्थ कंपनीचं मॉड्यूल आहे हे ध्यानात ठेवा. गाभा बदलतो ईगल डायनॅमिक्स, त्याच्याशी जुळवून घेतं दुसरं कोणी, आणि मधल्या आठवड्यांत एखादा दिवा किंवा रडारचा पडदा रुसू शकतो. असं दिसलं तर फाइली उकरण्यापेक्षा पुढच्या अपडेटची वाट पाहणं शहाणपणाचं.

वेगाबद्दल. २०२३ पर्यंत डीसीएसचं जवळजवळ सगळं काम एका थ्रेडवर चालायचं, आवाज तेवढा वेगळा. उड्डाणगणित, एआय, स्क्रिप्ट आणि चित्राची तयारी, सगळ्यांना एकच चूल. म्हणून आठ कोअरचा प्रोसेसरही सात रिकामे ठेवून धापा टाकायचा, आणि कार्ड महाग घेऊनही फ्रेम वाढत नसत. २०२३ मध्ये चित्राचं काम लढाईच्या हिशेबापासून वेगळं केलं. सुरुवातीला हे ‘बिन-एमटी’ या वेगळ्या फोल्डरातून चालवावं लागे. जुने सल्ले वाचून कोअर बांधून देण्याचे किंवा शॉर्टकट बदलण्याचे उद्योग करू नका, त्याची आता गरज नाही. उजवा कंट्रोल आणि पॉज एकत्र दाबा: फ्रेमचा आकडा येतो, पुन्हा दाबलं की सविस्तर तक्ता. अडचण सीपीयूची आहे की जीपीयूची हे तिथे सरळ लिहिलेलं असतं. जीपीयू लिहिलं असेल तरच ग्राफिक्सचे पर्याय उतरवण्यात अर्थ. सीपीयूचा मुख्य थ्रेड लिहिला असेल तर मिशनमधली युनिटं कमी करा. ढग खाली आणून काही हाती लागणार नाही.

व्हिडिओ मेमरी हा आताचा खरा खड्डा. लक्षण ओळखीचं: पहिली वीस मिनिटं सगळं गुळगुळीत, मग शहराकडे मान वळवली की फ्रेम निम्म्यावर आणि पुन्हा वर येतच नाही. कार्डची मेमरी भरली की टेक्स्चर मुख्य रॅममधून ये-जा करतात आणि तो रस्ता हळू आहे. ८ जीबीचं कार्ड असेल तर आधी जमिनीचे टेक्स्चर ‘लो’ करा, भागलं नाही तर मग विमानांचे ‘मीडियम’. बदलल्यावर डीसीएस बंद करून पुन्हा सुरू करा. मुख्य रॅम १६ जीबीवर तुम्ही २.५ चालवलं असेल, आता ३२ घ्या. गर्दीच्या सर्व्हरवर ६४ सुद्धा वाया जात नाही. विंडोजची पेजफाइल (रॅमला जोड म्हणून डिस्कवर राखलेली जागा) एसएसडीवर किमान ३२ जीबी ठरवून द्या. रॅम मोकळी दिसत असतानाही मेमरीच्या तक्रारीनं डीसीएस कोसळतं, कारण विंडोज वापरलेली नव्हे तर राखून ठेवलेली मेमरी मोजतं. डिस्कवर हॉर्नेट, मिग आणि एक-दोन नकाशांसाठी २५० जीबी मोकळी असू द्या. अपडेटच्या वेळी वर आणखी लागते.

डीएलएसएसबद्दल लोकांची मतं टोकाची आहेत. ते चित्र कमी ठिपक्यांत काढतं आणि आधीच्या फ्रेमांवरून उरलेलं भरतं. जमीन आणि ढगांवर हे छान जमतं. एमएफडीवर (कॉकपिटमधल्या पडद्यांवर) पळणारे आकडे, हडवरची (समोरच्या काचेवरची) चिन्हं आणि दूरचं छोटं विमान यांची हालचाल त्याला नीट कळत नाही, म्हणून त्यांच्यामागे शेपूट दिसतं. हवाई लढतीसाठी डीएलएए किंवा २ पट एमएसएए (दोन्ही कडा गुळगुळीत करणारे पर्याय), जमिनीवरच्या हल्ल्यांसाठी डीएलएसएसचा ‘क्वालिटी’ पर्याय, अशी विभागणी मला योग्य वाटते. एमएसएए ४ पट करायला जाऊ नका: डीसीएस प्रत्येक ठिपक्याची माहिती अनेक थरांत साठवून नंतर प्रकाश लावतं आणि एमएसएए तो प्रत्येक थर गुणून टाकतं. २.९ बरोबर दूरच्या विमानांचे ठिपके दाखवण्याची पद्धतही बदलली. पहिल्या काही आवृत्त्यांत कमी रिझोल्यूशनवाल्याला लठ्ठ काळे चौकोन दिसत आणि ४के वाल्याला काहीच नाही. पुढे ते सुधारलं, तरी ‘मला कोणी दिसत नाही’ असं वाटलं तर डोळ्यांना दोष देण्याआधी हा पर्याय चाळा.

शेवटी, यापुढची अपडेटं. मॉड (इतरांनी बनवलेले बदल) मूळ स्थापनेत टाकले असतील तर अपडेटआधी ते बंद करा. त्यासाठी ओव्हीजीएमई किंवा ओपन मॉड मॅनेजर वापरा, हातानं फाइली घालू नका. अपडेटर बदललेली फाइल पाहिली की ती स्थापनेतल्या ‘बॅकअप’ क्रमांकाच्या फोल्डरात हलवतो आणि मूळ फाइल बसवतो. मग मॉड मॅनेजरनं अपडेटनंतर मॉड काढला की तो जुनी साठवलेली फाइल नव्या आवृत्तीवर परत ठेवतो, आणि तिथून विचित्र कोसळणं सुरू होतं. सर्व्हरवर ‘इंटेग्रिटी चेक’मध्ये बाहेर फेकलं जाण्याचं कारणही बहुधा हेच. उपाय म्हणजे ‘रिपेअर’, सावकाश पद्धतीचं, आणि ‘अतिरिक्त फाइली काढू का’ विचारलं की हो म्हणायचं.

मिशन स्क्रिप्टिंगची ल्युआ फाइल मूळ स्थापनेत असते. मोहिमेची प्रगती डिस्कवर साठवणारी मिशनं तिच्यातल्या ओएस, आयओ आणि एलएफएस या संगणकाच्या फाइली हाताळणाऱ्या भागांना कुलूप लावणाऱ्या ओळींपुढे दोन आडव्या रेघा मारायला सांगतात. प्रत्येक अपडेट ही फाइल मूळ रूपात आणतं आणि मोहीम साठवणं गुपचूप थांबतं. हे कुलूप उघडं असताना मिशन तुमच्या डिस्कवर हात टाकू शकतं, म्हणून अनोळखी मिशनांसाठी ते बंदच बरं.

कोसळलं तर लॉग्ज फोल्डरातली डीसीएस लॉग शेवटापासून वाचा. वर शेकडो ‘एरर’ असतील, त्यांतले बहुतेक निरुपद्रवी. तळाला ‘अॅक्सेस व्हायोलेशन’ आणि त्याखाली डीएलएलची (प्रोग्रामच्या भागांच्या फाइलींची) नावं असतात. त्यांत तुमच्या मॉडचं किंवा एक्सपोर्ट साधनाचं नाव दिसलं तर शोध तिथेच संपला. नाव गाभ्यातलं असेल तर मॉडशिवाय, छोट्या मिशनवर पुन्हा करून बघा आणि मग तक्रार नोंदवा.

अपडेटच बिघडलेलं निघालं तर अपडेटरला ‘अपडेट’ या आदेशापुढे पूर्ण आवृत्तीक्रमांक देऊन मागच्या आवृत्तीवर जाता येतं. एकट्यानं उडणाऱ्याला हे सोयीचं आहे. पण सर्व्हरला सगळ्यांची आवृत्ती सारखी लागते, आणि चालू सर्व्हर एक-दोन दिवसांत नव्यावर गेलेले असतात.